दीड वाव दगड

मी भूगर्भशास्त्राची पदवी घेतली तेव्हा आमच्या नातेवाइकांना वाटलं, दमयंती आता ज्वालामुखी बघत जगभर हिंडणार. गेली एकतीस वर्षं मी पनवेलच्या आजूबाजूचा चिखल बघते आहे. कुणाला इमारत बांधायची असली की आधी जमिनीच्या पोटात काय आहे ते बघावं लागतं. आमची माणसं तिथं भोक पाडतात, नळीतून माती आणि दगडाचे तुकडे वर काढतात, ते आले तसे एका लांब लाकडी पेटीत ओळीनं लावतात आणि ती पेटी माझ्यासमोर येते. मी बघते, बोटानं खरवडते, वास घेते आणि किती खोलीवर काय लागलं ते लिहून देते. त्या कागदावर पाया ठरतो.

माझा स्वभाव तिखट आहे. लॅबमधली पोरं पाठीमागे मला ‘बेसॉल्ट बाई’ म्हणतात. मला ते ठाऊक आहे आणि माझी त्याला हरकत नाही. दगड निदान सकाळी एक आणि संध्याकाळी दुसरं बोलत नाही. माणसांचं तसं नसतं, म्हणून माणसांच्या सांगण्यावर मी कधी फारसा विश्वास ठेवला नाही. हे सगळं आधीच सांगून ठेवते, कारण पुढे जे झालं त्यात चूक माझी होती आणि ती एका विसरभोळ्या म्हाताऱ्यानं काढली.

इकडची जमीन फसवी आहे. खारघरचा डोंगर काळ्या कातळाचा, साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा. डोंगर संपला तरी कातळ संपत नाही, तो जमिनीखालून खाडीकडे उतरत जातो. किती उतरतो ते वरून दिसत नाही, कारण त्याच्यावर समुद्रानं हजारो वर्षं आणून टाकलेला चिखल बसला आहे, निळसर काळा, लोण्यासारखा मऊ, मधे मधे शिंपल्यांचा चुरा. एका जागी कातळ पाच मीटरवर लागतो आणि रस्त्याच्या पलीकडे वीस मीटरवरही लागत नाही. या चिखलावर मुरमाचा भराव पडला, प्लॉट पडले, टॉवर उभे राहिले, खाली क्लासेस आणि मोबाइलची दुकानं आली. कामोठ्यातल्या नव्या लोकांना आपल्या बेडरूमखाली कधीकाळी चिंबोऱ्या पळत होत्या हे माहीत नसतं, आणि नसलेलंच बरं.

गेल्या वर्षी गणपतीच्या आधी कामोठ्याच्या जुन्या गावाला लागून असलेल्या एका प्लॉटचं काम आलं. मालक हितेश नावाचा आगरी तरुण, चाळिशीच्या आतला, दोन जेसीबी चालवणारा, बोलायला सरळ. त्याला चार मजली घर बांधायचं होतं, खाली दुकानं, वर आई-वडील, तो आणि त्याची बायको रंजिता. प्लॉट लहान, म्हणून एकच भोक पाडायचं ठरलं. आमचा रिगवाला, म्हणजे भोक पाडायचं यंत्र चालवणारा महादेव तिथं गेला. वीस वर्षं हेच काम करणारा माणूस, त्याला रॉडच्या आवाजावरून खाली काय आहे ते कळतं. साडेसहा मीटरवर त्याला काळा दगड लागला. दीड मीटर दगडात गेल्यावर त्यानं मला फोन केला.

आमच्या कामात एक नियम आहे. खडक लागला म्हणून हुरळून जायचं नाही, त्यात आणखी तीन मीटर आत जायचं. मधेच एखादा मोठा धोंडा असू शकतो आणि धोंड्याला खडक समजून त्यावर इमारत उभी केली तर ती कधी कलेल ते सांगता येत नाही. नियम मी स्वतः पोरांना शिकवते. पण महादेवाला संध्याकाळच्या गाडीनं गणपतीला गावी जायचं होतं, दगड कापणारी बिट झिजली होती, हितेश घाई करत होता आणि मी लॅबमध्ये मोदकांच्या पिठाची पिशवी टेबलाखाली ठेवून बसले होते. मी म्हटलं, पुरे झालं, थांबव. उंटावरून शेळ्या हाकणं म्हणतात ते हेच. नंतर पेटी आली, मी एक नजर टाकली आणि लिहून दिलं की साडेसहा मीटरवर खडक आहे.

मार्चच्या सुरुवातीला, दुपारी दीडच्या सुमाराला, एक म्हातारी लॅबमध्ये आली. नऊवारी, कपाळाला मोठं कुंकू, हातात कापडी पिशवी. रिक्षानं आली होती आणि रिक्षावाल्याला खाली थांबवून ठेवलं होतं. तिनं नाव सांगितलं कमळाबाई, हितेशची आई. मी तिला बसायला सांगितलं. ती बसली नाही.

तिचं म्हणणं थोडक्यात असं. त्यांच्या प्लॉटवर पाइलचं, म्हणजे पायाचे खांब जमिनीत उतरवायचं मशीन येणार आहे आणि तिचा नवरा तुळशीराम चार दिवस झाले तिथं खुर्ची टाकून बसला आहे. म्हणतो, इथं खडक नाही, इथं आम्ही टाकलेले दगड आहेत, माझ्या बापाची होडी आहे खाली. जेवायलाही घरी येत नाही. घरातल्यांना वाटतं, त्याचं डोकं गेलं. वाटायला कारणही होतं, तिनं ते लपवलं नाही. गेल्या दिवाळीपासून तो विसरायला लागला होता. चपला फ्रीजमध्ये ठेवल्या. रंजिताला दोनदा विचारलं, तू कुणाची. एकदा सकाळी निघून गेला तो खाडीवरच्या जुन्या धक्क्याशी सापडला, लाँचची वाट बघत. ती लाँच बंद होऊन चाळीस वर्षं झाली होती. आता हितेश म्हणत होता की बाबांना उरणला शोभाकडे, म्हणजे त्याच्या बहिणीकडे ठेवू या, बांधकाम होईपर्यंत. कमळाबाईला ठाऊक होतं की बांधकाम झाल्यावरही त्याला कुणी परत आणणार नाही.

मी तिला काय सांगितलं ते आठवलं की अजून कानशिलं गरम होतात. मी म्हटलं, मावशी, खडक कुणाच्या सांगण्यावरून हलत नाही. यंत्रानं काढलेला दगड आहे, मी स्वतः बघितला आहे, तुमच्या यजमानांना डॉक्टरकडे न्या.

ती रागावली नाही. तिनं पिशवी खांद्यावर सारखी केली आणि म्हणाली, “बाय, तो इसरतो, मना ठाव हाय. पन जुनं इसरत नाय. त्याचं येक तरी बोलनं खरं निघालं पायजे. नायतर त्या घरान त्याचं कोन ऐकनार नाय, आनि ज्याचं कोन ऐकत नाय तो मानूस बोलायचाच थांबतो.”

एवढं बोलून ती जिना उतरून गेली. मी डबा उघडला आणि भाजी आळणी लागली म्हणून लॅबच्या मुलीवर डाफरले. भाजी मीच केली होती.

तीन वाजता मी मागच्या खोलीत जाऊन हितेशच्या प्लॉटची पेटी काढली. आम्ही पेट्या वर्षभर ठेवतो. धूळ झटकली, दगडाचे तुकडे ओले केले आणि खिडकीशी नेऊन पाहिले. या खेपेला नीट पाहिले.

पहिली गोष्ट, चिखल संपला आणि थेट काळा दगड सुरू झाला होता. मधे मुरूम नाही. खरा कातळ असा नागवा नसतो, त्याचा वरचा थर कुजून मुरूम झालेला असतो, मग अर्धवट कुजलेला दगड, मग टणक. दुसरी गोष्ट, तुकड्यांना कुजका पिवळसर पापुद्रा होता, आणि तो वरच्या बाजूला होता तसाच खालच्या बाजूलाही होता. म्हणजे तो दगड कधीतरी चारी बाजूंनी उघडा पडलेला होता. तिसरी गोष्ट वाचून कुणालाही हसू येईल. दीड मीटरमध्ये तीन तऱ्हेचा दगड होता. एक घट्ट, एक पांढऱ्या खड्यांचा, एक भोकाभोकांचा. निसर्गही असं कधी कधी करतो, पण सहसा डोंगराच्या पायथ्याशी पडलेले दगड माणसं हाताला येतील तसे उचलतात तेव्हा असं होतं.

मी स्टुलावर बसले. आंधळं दळतं आणि कुत्रं पीठ खातं, अशी माझी गत झाली होती, आणि इथं आंधळी एम.एस्सी. होती. मला स्वतःची खरोखर लाज वाटली.

आमच्या फर्मचे मालक प्रदीप माझ्याहून बारा वर्षांनी लहान आहेत आणि मला ताई म्हणतात. त्यांना जाऊन सांगितलं. त्यांनी पेटी बघितली नाही, मला बघितलं. म्हणाले, ताई, हितेशनं तक्रार केली आहे का? नाही ना? मग झाकली मूठ सव्वा लाखाची. मी म्हटलं, मूठ झाकलेली राहील, घर राहणार नाही. त्यांनी बराच वेळ पेन टेबलावर आपटलं. माणूस वाईट नाही, धंदा करतो. शेवटी म्हणाले, मंगळवारी रिग मोकळी आहे, घेऊन जा. पण चूक निघाली तर पत्र तुमच्या सहीनं जाईल.

मी म्हटलं, चूक माझी आहे तर सही दुसऱ्या कुणाची असणार.

हितेशला फोन केला तर तो आधी चिडलाच. सहा महिन्यांनी तुम्हाला शंका येते का, मशीनवाल्याला तारीख दिलेली आहे, आणि मॅडम, खरं सांगा, आई आली होती ना तुमच्याकडे? मी आली होती म्हणून सांगितलं. मग तो म्हणाला की ठीक आहे, करा, पण बाबांच्या समोर करा. दगड लागला की त्यांना दाखवा आणि हे प्रकरण मिटवा. बुधवारी मी त्यांना उरणला सोडतो आहे.

म्हणजे मंगळवारचा एक दिवस हातात होता.

मंगळवारी मी महादेवाच्या आधी प्लॉटवर पोचले. समोर सात मजली इमारत, तिच्यावर दहावीच्या क्लासचा फलक, बाजूला गावातली जुनी घरं आणि मधे हा मोकळा तुकडा, भरावावर गवत वाढलेलं. तुळशीराम प्लास्टिकच्या खुर्चीवर बसला होता. उंच, वाळलेला, पांढरा सदरा, डोक्यावर टोपी. वय ऐंशीच्या आसपास. मी नमस्कार केला. त्यानं मला विचारलं, खार खात्यातून, खाडीचे बांध बघणाऱ्या सरकारी खात्यातून आलात का? मी हो म्हटलं. एकतीस वर्षांत मी साइटवर बोललेलं हे पहिलं खोटं असेल.

मग मी त्याच्याजवळ उकिडवी बसले आणि विचारलं, इथं काय झालं होतं. हा प्रश्न मी आजवर कुणाला विचारला नव्हता. आमच्या अहवालात जागेच्या पूर्वेतिहासाचा रकाना असतो आणि मी त्यात वर्षानुवर्षं ‘माहिती उपलब्ध नाही’ असं लिहीत आले होते.

तो सांगू लागला आणि त्याचा आवाज बदलला. इथून खारबांध जात होता. बांधाच्या अलीकडे भाताची शेतं, पलीकडे खाडी. बांध साऱ्या गावाचा, म्हणून तो राखायलाही घरटी एक माणूस आणि एक पाटी. तो पंधरा वर्षांचा असताना भाद्रपदातल्या अमावास्येच्या उधाणाला बांधाला खांड पडली, म्हणजे बांध फुटून खिंडार पडलं. भर दुपारी, उभ्या पिकात खारं पाणी घुसलं. लोकांनी चिखल टाकला, तो वाहून गेला. भाताचे पेंढे टाकले, ते वाहून गेले. दगड टाकले तर एकेक दगड पाणी उचलून नेत होतं. चार दिवस असंच चाललं. पाचव्या दिवशी त्याच्या वडिलांनी आपली होडी आणली. मिठाची वाहतूक करायची मोठी होडी होती, सागाची. डोंगराखालून आणलेले दगड तिच्यात भरले, काठोकाठ. ओहोटी संपून भरती सुरू व्हायच्या आधी पाणी थोडा वेळ थबकतं, त्या वेळेला होडी खांडीत आडवी लावली आणि वडिलांनी स्वतः कुऱ्हाडीनं तिचा तळ फोडला. तुळशीराम बांधावर दोर धरून उभा होता. होडी बसली तशी तिच्यावर गावानं आणखी दगड लोटले, वर चिखल थापला आणि खांड बुजली.

“मंग बापाशीनं दुसरी होरी केली नाय,” तो म्हणाला. “मिठागरान कामाला गेला. कोनी इचारलं तं बोलायचा, माजी होरी हाय ना, गावाच्या खाली हाय.”

मी विचारलं, दगड किती खोलीचा असेल? त्यानं दोन्ही हात पसरले, एका हाताच्या बोटांपासून दुसऱ्या हाताच्या बोटांपर्यंत. जुनी माणसं दोर आणि पाणी असंच मोजत, त्याला वाव म्हणतात, साधारण सहा फूट. “दीड वाव दगर. त्याच्याखाली होरी. होरीच्या खाली चिखल. चिखलाला तल नाय.”

मी वहीत लिहिलं. दीड वाव म्हणजे पावणेतीन मीटर. साडेसहामध्ये पावणेतीन मिळवले की सव्वानऊ.

आमच्या नियमानं मात्र साडेसहाच्या पुढे तीन मीटर, म्हणजे साडेनऊपर्यंत सलग दगड लागला तर तो खडक ठरतो आणि काम थांबतं. म्हाताऱ्याचं बोलणं आणि आमचा नियम यांच्यात फक्त एका वितीचा फरक होता. त्या वितीच्या एका बाजूला घर होतं आणि दुसऱ्या बाजूला उरण.

महादेव आला. जुन्या भोकाशेजारी त्यानं तिकाटणं उभं केलं आणि काम सुरू झालं. हितेश आला, रंजिता सर्वांसाठी चहा घेऊन आली. कमळाबाई नवऱ्याच्या खुर्चीमागे उभी राहिली ती बसलीच नाही. साडेसहाला दगड लागला, पूर्वी लागला होता तसाच. सात. साडेसात. आठ मीटरला आम्ही मागच्या वेळी थांबलो होतो. पुढेही दगडच. नळी वर आली की महादेव ती हातोडीनं ठोकून तुकडे बाहेर काढी आणि मी ते पेटीत लावी. साडेआठला पुन्हा काळा दगड.

हितेश माझ्याजवळ आला आणि हळूच म्हणाला, मॅडम, आता तरी पटलं ना? त्याच्या बोलण्यात जिंकल्याचा आनंद नव्हता हे मला मानलंच पाहिजे. बाप चुकतो आहे हे बघायला कुणाला आवडतं. पण त्यानं पलीकडे जाऊन शोभाला फोन लावलेला मी ऐकला. उद्या दुपारपर्यंत आणतो म्हणाला. गोळ्यांची चिठ्ठी पाठवतो म्हणाला. कमळाबाईनंही ते ऐकलं आणि पदर तोंडाशी नेला.

नऊ मीटरला दगड. महादेवानं माझ्याकडे बघितलं. मी चालू ठेवायची खूण केली. एकतीस वर्षं मी खडक लागावा म्हणून देव पाण्यात ठेवलेली माणसं बघत आले, आणि आज मीच मनात म्हणत होते, लागू नकोस बाबा, संप आता कुठंतरी. माझा अहवाल खोटा पडावा म्हणून मी धावा करत होते.

तुळशीरामला डुलकी लागली होती. त्याला या सगळ्याचं काही वाटत नव्हतं. जे ठाऊक आहे त्याची काळजी कोण करतो.

नऊ मीटर आणि वर वीतभर होताना रॉडचा आवाज बदलला. करकर थांबली, बोदा आवाज यायला लागला. महादेवानं लगेच यंत्राचा वेग कमी केला. आणखी चार बोटं आणि रॉड आपल्या वजनानं खाली गेला, सरळ, कुणी न ढकलता, एक हातभर. महादेवानं ब्रेक दाबला आणि यंत्र बंद केलं. क्लासमधल्या पोरांचा पाढे म्हटल्यासारखा आवाज तेवढा येत राहिला.

“खाली पोकल हाय का काय?” हितेशनं विचारलं. तो गडबडला की गावची भाषा बोलतो.

महादेव म्हणाला, पोकळ नाही, चिखल आहे. नळी वर घेऊ.

नळी वर आली. आधी दगडाचे दोन तुकडे निघाले. मग तो ठोकत राहिला आणि नळीतून एक काळी, ओली, मुठीएवढी गोल चकती घसरून त्याच्या हातात पडली. तिच्यामागे निळसर चिखल लोंबत होता. महादेवाला तो कोळसा वाटला. मी ती घेतली, पाण्यानं धुतली, नखानं दाबली. रेषा दिसल्या, सरळ, एकापुढे एक. लाकूड होतं. साठ-पासष्ट वर्षं हवा न लागता चिखलात राहिलेलं लाकूड. चिखल लाकूड खात नाही, सांभाळतो.

मी ते हितेशच्या हातात दिलं. तो ते घेऊन रॉडच्या ढिगावर बसला. म्हणाला, मी लहान होतो तेव्हापासून ही गोष्ट सांगतात, मॅडम. आम्ही हसायचो. रंजिताला लग्न होऊन आल्यावर पहिल्या आठवड्यात सांगितली होती, तेव्हाही आम्ही दारामागे हसलो.

कमळाबाईनं त्याच्या हातातून तो तुकडा घेतला आणि नवऱ्याला जागं केलं. त्यानं तुकडा नाकाशी नेला, अंगठ्यानं चोळला. “साग,” तो म्हणाला. आणि मग तिला विचारलं, “भरती किती वाजता हाय?” कमळाबाई म्हणाली, अजून वेळ आहे, पेज खाऊन घ्या. ती रडत होती आणि हसतही होती. मी दुसरीकडे बघितलं, कारण माझीही तीच गत होती.

त्या दिवशी आम्ही पुढे खोदत गेलो. सतरा मीटरपर्यंत चिखल, मग मुरूम, मग कुजका दगड आणि एकोणिसाव्या मीटरला खरा कातळ, त्यात नियमाप्रमाणे तीन मीटर. ‘चिखलाला तळ नाही’ एवढं एक म्हाताऱ्याचं चुकलं होतं, आणि तेही हातात दोर आणि पाटी घेतलेल्या माणसाच्या हिशेबानं चुकलं नव्हतं.

पत्र माझ्या सहीनं गेलं. प्रदीपनी ते दोनदा वाचलं आणि म्हणाले, ताई, एवढं स्पष्ट लिहायची गरज होती का? मी म्हटलं, होती. ते काही दिवस माझ्याशी तुटक वागले आणि मग पोरांना नवा नियम सांगितला की भोक पाडायच्या आधी गावातल्या सर्वांत जुन्या माणसाला भेटायचं. नियम स्वतःच काढल्यासारखा सांगितला.

तीन आठवड्यांनी नवा अहवाल घेऊन मी हितेशच्या घरी गेले. पोस्टानं पाठवता आला असता. पण कमळाबाईनं निरोप दिला होता की बायनं येऊन वाचून दाखवावा, आम्हाला इंग्रजी येत नाही.

उरणचा विषय घरात पुन्हा निघाला नव्हता. घर आता चारऐवजी दोन मजल्यांचं होणार होतं, कारण पाया खोल न्यावा लागणार आणि बराच पैसा त्यातच जाणार. तुळशीराम पडवीत बसला होता. त्या दिवसापेक्षा जास्त वाळलेला दिसला. मी नमस्कार केला, त्यानं केला, पण मला ओळखलं नाही. कमळाबाई माझ्या कानाशी म्हणाली, ते भोक, ते लाकूड, सगळं विसरला. लाकूड देव्हाऱ्यात ठेवलंय, रोज विचारतो हे काय आहे.

ज्याच्यासाठी एवढं सगळं केलं त्यालाच ते ठाऊक नव्हतं. आपण खरे ठरलो हे त्याला कधीच कळणार नव्हतं.

मी चष्मा लावला आणि अहवालातलं शेवटचं पान मराठीत सांगत वाचायला लागले. हितेश खाली मान घालून बसला होता, रंजिता दारात उभी होती. मी वाचलं, “या जागी पूर्वी खारबांध होता. बांधाला पडलेली खांड बुजवताना दगडांनी भरलेली होडी इथं बुडवण्यात आली. जागामालकांच्या वडिलांनी ही माहिती खोदकामाच्या आधी दिली होती. दगडाची जाडी दीड वाव असल्याचं त्यांनी सांगितलं, ते तंतोतंत बरोबर निघालं. आमच्या आधीच्या अहवालातली नोंद चुकीची होती. यापुढच्या कामात त्यांनी दिलेली माहिती प्रमाण मानावी.”

तुळशीराम पुढे वाकून लक्ष देऊन ऐकत होता. मी थांबले तेव्हा त्यानं कागदाकडे हात करून कमळाबाईला विचारलं, “यो दगराचं सांगनारा मानूस कोन हाय?”

“हाय येक,” ती म्हणाली.

“त्याला ठाव हाय,” तुळशीराम म्हणाला. मग तो मुलाकडे वळला आणि बोट वर करून, बापानं सांगावं तसं सांगितलं, “मी व्हतो तिथं. तो खरं बोलतो. त्याचं ऐकत जा.”

“ऐकतो, बाबा,” हितेश म्हणाला.

“आता हां बोलशील आनि इसरशील.”

“नाय इसरनार.”